‘क्वीन एस्तेर’ : तीनशे फुटांचा रंगमंच टीव्हीत मावतो का?

तिसरी_घंटा

अमेरिकेतल्या ‘साइट अँड साउंड’ या नाटक कंपनीचं ‘क्वीन एस्तेर’ नुकतंच त्यांच्याच स्ट्रीमिंग वाहिनीवर पाहिलं. इथे कुणी पाहिलंय का?

ज्यांना ही मंडळी माहीत नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात. पेनसिल्वेनियात लँकेस्टर परगण्यात, जुन्या पद्धतीने राहणाऱ्या आमिश पंथाच्या लोकांच्या शेतांमध्ये यांचं सुमारे दोन हजार खुर्च्यांचं थिएटर आहे. दुसरं मिसूरीतल्या ब्रॅन्सनला, २००८ पासून. बायबलमधली एक कथा घ्यायची, तिचं संगीत नाटक बांधायचं आणि मोसमभर तेच चालवायचं. रंगमंच तीनशे फुटांचा, समोर आणि दोन्ही बाजूंना पसरलेला. घोडे, उंट खरे. २०२० च्या ईस्टरला सगळं बंद होतं तेव्हा यांचं ‘जीझस’ टीव्हीवर दाखवलं गेलं. वाहिनी त्याच वर्षी सुरू झाली.

एस्तेरची गोष्ट बऱ्याच जणांना ठाऊक असेल. इराणचा बादशहा अहश्वेरोश भर मेजवानीत राणी वश्तीला दरबारात बोलावतो, ती येत नाही, तिची हकालपट्टी होते. नवी राणी निवडली जाते एस्तेर. ती यहुदी आहे हे राजवाड्यात कुणालाच माहीत नाही. वजीर हामान सगळ्या यहुद्यांच्या कत्तलीचा हुकूम काढतो. तिला वाढवणारा चुलतभाऊ मर्दखय म्हणतो, राजाकडे जा. आणि बोलावणं नसताना राजासमोर गेलं तर शिक्षा मरणाची, राजाने सोन्याचा राजदंड पुढे केला तरच सुटका. ती तीन दिवस उपास करते आणि जाते.

माझा मुद्दा ह्याच प्रवेशाचा. एवढा मोठा रंगमंच बांधलाय तो ह्या बाईला एकटीने पार करावं लागणारं अंतर दिसावं म्हणून. आणि नेमकं तेव्हाच कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर! अंतर गेलं, भीती गेली, उरले ते डोळ्यांतले अश्रू, जे आपण मालिकांमध्ये रोज बघतो. मोठ्या प्रेक्षागृहासाठी केलेलं नाटक टीव्हीवर दाखवूच नये असं माझं मत झालंय. तुमचं काय?

कुंपणावरचा

पाहिलं नाही. पण प्रतिसाद द्यायला पाहिलेलं असावं लागतं असा ह्या संस्थळावर नियम नाही, म्हणून खुर्ची ओढून बसलोय.

लँकेस्टरकर

मी त्या थिएटरपासून गाडीने अर्ध्या तासावर राहतो. भारतातून आईवडील आले की त्यांना दाखवायच्या ठिकाणांत आमिश लोकांच्या घोडागाड्या, चॉकलेटचं गाव हर्शी आणि हे थिएटर ठरलेलं.

‘क्वीन एस्तेर’ प्रत्यक्ष पाहिलं नाही, पण ‘नोहा’ थिएटरात बसून पाहिलंय. पहिल्या अंकात तारू बांधतात, मध्यंतर होतं. मध्यंतरानंतर पडदा उघडतो तेव्हा आपण तारवाच्या आत असतो. समोर, डावीकडे, उजवीकडे, पार छतापर्यंत कप्पे आणि त्यांत जनावरं, काही जिवंत, काही यांत्रिक. वडील आयुष्यभर बँकेत, नाटकबिटक त्यांना फारसं आवडत नाही. ते मान मागे टाकून वर बघत राहिले आणि शेजारच्या गोऱ्या आजोबांना मराठीत म्हणाले, “बापरे, हे सगळं खरं आहे?” आजोबांनीही मान डोलावली.

हे टीव्हीवर कसं येणार? टीव्ही समोरच असतो. डाव्या हाताला जिराफ उभा आहे हे कळायला डावा हात प्रेक्षागृहात लागतो. तेव्हा तिसरी_घंटा यांना अनुमोदन, पण ‘नोहा’पुरतं.

अनामिका_ठाणे

मला एस्तेरपेक्षा वश्ती आवडते. मूळ गोष्ट काढून वाचा. एकशे ऐंशी दिवस वैभवाचं प्रदर्शन, मग सात दिवस मद्यपान, सातव्या दिवशी राजा झिंगलेला आणि त्याला हुक्की येते की राणीचं रूप पाहुण्यांना दाखवावं. ती म्हणते, नाही येत. बस्स. बायबलमधल्या एस्तेरच्या सगळ्या पुस्तकात तिला एक वाक्य दिलेलं नाही, पण पहिला नकार तिचाच.

आणि पुढे काय होतं? दरबारातले शहाणे घाबरतात की आता घरोघरच्या बायका नवऱ्याचं ऐकेनाशा होतील. म्हणून एकशे सत्तावीस प्रांतांत, प्रत्येकाच्या भाषेत पत्रं जातात की प्रत्येक पुरुषाने आपल्या घरात सत्ता चालवावी.

नाटकं सगळी एस्तेरची होतात. वश्तीला पहिल्या पंधरा मिनिटांत विंगेत पाठवतात.

सुपारी_फुटली

म्हणजे ‘घरात माझं चालतं’ हे सांगायला सरकारी परिपत्रक काढावं लागलं. अडीच हजार वर्षांत परिस्थितीत काही फरक नाही.

बाल्कनी_रांग_ड

@सुपारी_फुटली, परिपत्रक आमच्या घरी पोचलं नाही अजून. ह्यांना विचारते.

खर्जातला_सा

नाटक टीव्हीवर दाखवावं की नाही ह्यावर भांडताय, पण एके काळी एस्तेर रंगमंचावरच आणू देत नव्हते. संगीतकार हँडेलने ह्या कथेवर संगीतरचना केली होती. १७३२ मध्ये लंडनच्या थिएटरात ती वेशभूषा करून, अभिनयासह करायचा बेत होता. लंडनच्या बिशपने आडकाठी घातली. पवित्र कथा आणि नटांचं नाटकघर, छे! मग हँडेलने काय केलं, तर गायकांना जागच्या जागी उभं केलं आणि नुसतं गाऊन घेतलं. तिकीटबारी तुफान चालली. इंग्लंडात ऑरॅटोरिओ नावाचा जो प्रकार फोफावला त्याच्या मुळाशी ही अडवणूक आहे. पुढे हँडेलचाच ‘मसाया’ त्याच वाटेने आला.

इंग्लंडची ही सोवळी नजर पुढेही बराच काळ टिकली. फ्रेंच संगीतकार साँ-साँसचा बायबलमधल्या शमशोन आणि दलीला यांच्यावरचा ऑपेरा १८७७ चा, पण लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमध्ये नाटक म्हणून उभा राहायला १९०९ उजाडलं. तोच ऑपेरा २०१८ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराने थेट जगभरच्या चित्रपटगृहांत दाखवला.

त्यामुळे माझं मत असं की अडचण आली की कलेला दुसरी वाट सापडते. कॅमेरा ही अडचण समजा आणि बघा.

तिसरी_घंटा

@खर्जातला_सा, माहिती मस्त. पण हँडेलने नाटक काढून टाकलं आणि संगीत ठेवलं, म्हणजे निवड केली. इथे निवडच केलेली नाही. नाटक थिएटरसाठीच केलंय आणि नंतर कॅमेरे लावलेत. दोन्हीकडे पाय.

@लँकेस्टरकर, ‘नोहा’पुरतं का? राजवाडा काय कमी मोठा आहे?

लँकेस्टरकर

राजवाडा मोठा आहे, पण गोष्ट खोलीतली आहे. ‘नोहा’त पूर येतो. एस्तेरमध्ये सगळं निर्णायक जे घडतं ते जेवणाच्या पंगतीत घडतं. ती राजाला आणि हामानला जेवायला बोलावते. राजा विचारतो, काय हवं ते माग. ती म्हणते, उद्या पुन्हा जेवायला या. दुसऱ्या दिवशी जेवता जेवता सांगते की माझ्या लोकांना मारायला काढलंय, आणि मारणारा हा समोर बसलाय. तीन माणसं, एक चौरंग. हामानच्या तोंडातला घास तिथेच अडकतो. तो चेहरा मला दोन हजार खुर्च्यांतल्या शेवटच्या रांगेतून दिसला नसता, सोफ्यावरून दिसला.

म्हणून म्हटलं, ‘नोहा’ टीव्हीवर मरतो, एस्तेर मरत नाही.

विंगेतून

ह्याला म्हणतात प्रतिसाद!

मी हौशी नाटकांची प्रकाशयोजना करतो, तांत्रिक बाजू थोडी सांगतो. नाटक चित्रित करायचे दोन मार्ग. एक, मागे कॅमेरा ठेवा आणि चालू करा. लग्नाच्या व्हिडिओवाल्याकडून स्पर्धेच्या एकांकिका अशाच चित्रित झाल्या. नट दिसतात, चेहरे पांढरेफटक, आवाज विहिरीतून. कारण रंगमंचावरचा प्रकाश माणसाच्या डोळ्यासाठी असतो. अंधाऱ्या कोपऱ्यात उभा असलेला नट आपल्याला दिसतो, कॅमेऱ्याला दिसत नाही. आणि मुख्य झोतातला नट कॅमेऱ्याला जळलेला दिसतो.

दुसरा मार्ग, लंडनच्या नॅशनल थिएटरने २००९ पासून धरलाय तो. कॅमेऱ्यांसाठी वेगळी तालीम, कुठल्या वाक्याला कुठला कॅमेरा याची संहिता, प्रकाश आणि रंगभूषा त्यानुसार बदललेली, शिवाय प्रेक्षक बसलेले. मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात हे प्रयोग पडद्यावर दाखवतात, मी जातो. हे खर्चाचं काम आहे पण नाटकाचा मान राखून केलेलं.

तिसरी_घंटा यांचा आक्षेप खरं तर कॅमेऱ्यावर नाही, संकलकावर आहे. राजासमोर जायच्या प्रवेशात आधी लांबून दाखवायचं, निदान दहा पावलं चालू द्यायचं, मग चेहरा. ती दहा पावलं कुणी खाल्ली ते शोधा.

सुपारी_फुटली

हामानने.

मांडवीचा_वारा

गोव्यातून लिहितोय. आमच्याकडे तियात्रांच्या, म्हणजे कोंकणी संगीत नाटकांच्या, व्हीसीडी निघायच्या, आखाती देशांत आणि लंडनला राहणारे गोंयकार ढिगाने विकत घ्यायचे. लेंताच्या दिवसांत, म्हणजे ईस्टरच्या आधी, धार्मिक विषयांवरचे तियात्र असतात, त्यांत बायबलच्या जुन्या करारातले प्रसंगही येतात.

तर व्हीसीडीवर काय हरवायचं ते सांगतो. तियात्रात दोन पडद्यांच्या, म्हणजे प्रवेशांच्या, मध्ये ‘कांतार’ असतं. गाण्याचा कथेशी संबंध असेलच असं नाही, सरपंचापासून माशांच्या भावापर्यंत काहीही. लोकांना आवडलं की शिट्ट्या, वन्समोअर. म्हापशात गायक हजरजबाबी नवीन कडवं जोडायचा. व्हीसीडीत ते कडवं कायमचं गोठलं. दुबईतल्या माणसाने दहा वेळा लावलं तरी तोच विनोद, तीच शिट्टी. माझा मावसभाऊ म्हणायचा, मला तर ती शिट्टीच ऐकायची असते.

वसईवाली_मोनू

मी लिहू की नको करत होते, कारण धर्माचं निघालं की इथे गाडी कुठे जाते ते माहीत आहे. तरी लिहिते.

आमच्या चर्चच्या पॅरिशमधल्या काही जणांनी एकत्र बसून हे नाटक पाहिलं. मला खटकलं ते वेगळंच. नाटकात एस्तेर गाण्यातून देवाला हाक मारते, देव तुला निवडतोय वगैरे सतत. आणि नंतर एका मित्राने मुद्दा काढला की एस्तेरच्या पुस्तकात देवाचं नावच नाही, हे अमेरिकन लोकांनी घुसडलं.

अर्धं खरं आहे. हिब्रू पुस्तकात देवाचा एकदाही उल्लेख नाही. उपास आहे, प्रार्थना म्हणून काही लिहिलेलं नाही. पण हेच पुस्तक ग्रीकमध्ये गेलं तेव्हा त्यात शंभराहून थोडी जास्त वचनं वाढली. त्यात मर्दखयची प्रार्थना आहे, एस्तेरची लांबलचक प्रार्थना आहे. आम्ही कॅथलिक ती वचनं बायबलमध्ये धरतो, प्रोटेस्टंट धरत नाहीत. म्हणजे देव घालण्याचं काम दोन हजार वर्षांपूर्वीच होऊन गेलंय.

आणि तिसरी_घंटा, तुमचा लाडका प्रवेश ग्रीकमध्ये किती नाटकी आहे बघा. हिब्रूत ती जाते, राजा राजदंड पुढे करतो, ती टोकाला हात लावते, दोन ओळीत संपलं. ग्रीकमध्ये ती सजून निघते, एका दासीच्या खांद्यावर भार टाकलेला, दुसरी दासी वस्त्राचा घोळ उचलून मागे. एकामागून एक दारं ओलांडते. राजा वर बघतो तो रागाने लाल. ती पांढरी पडते आणि दासीच्या डोक्यावर मान टाकून कोसळते. तेव्हा देव राजाचं मन पालटवतो, तो सिंहासनावरून उडी मारून खाली येतो आणि तिला सावरतो. त्या लेखकाला नाटक कळत होतं.

तिसरी_घंटा

@वसईवाली_मोनू, हे माहीतच नव्हतं. एकामागून एक दारं! हेच मला हवं होतं. नेपथ्यकाराला तीनशे फूट दिले तर तो दारंच लावेल.

कुंपणावरचा

शंका. हे सगळं खरं घडलेलं आहे का? आमच्या सोसायटीतले एक काका इराणात नोकरीला होते, ते सांगायचे हमादानला एस्तेर आणि मर्दखयची कबर आहे.

ऐतिहासिक_चष्मा

कबर आहे, म्हणजे तशी श्रद्धा असलेली वास्तू आहे. गोष्ट जिथे घडते ते शूशन शहरही खरं, इराणातलं आजचं शूश. अहश्वेरोश म्हणजे बहुतेकांच्या मते पहिला झेर्क्सिस. पण ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने झेर्क्सिसच्या राणीचं नाव अमेस्त्रिस दिलंय, आणि इराणी साधनांत एस्तेर नावाची राणी सापडत नाही. मृत समुद्राजवळ कुमरानला जी गुंडाळी-ग्रंथांची रास सापडली तिच्यातही एस्तेरचं पुस्तक नाही. बहुतेक अभ्यासक याला इतिहासाचा आव आणलेली कादंबरिका मानतात.

मराठी वाचकांना मात्र गंमत वाटेल. पुस्तकाच्या पहिल्याच वाक्यात आपण आहोत. राजाचं राज्य ‘हिंदुस्थानापासून कूश देशापर्यंत’. म्हणजे ते ‘घरात सत्ता चालवा’वालं परिपत्रक सिंधूकाठापर्यंत आलं असणार. @बाल्कनी_रांग_ड, ह्यांना विचाराच.

मला नाटकाबद्दल तक्रार आहे ती शेवटाची. हामान फासावर जातो, टाळ्या, गाणं, पडदा. मूळ पुस्तक तिथे संपत नाही. राजाचा हुकूम रद्द करता येत नाही हा इराणचा कायदा, म्हणून यहुद्यांनी शस्त्र उचलायला हरकत नाही असा दुसरा हुकूम निघतो. मग नववा अध्याय: शूशनमध्ये दोन दिवसांत आठशे, हामानचे दहा मुलगे, प्रांतांमध्ये पंचाहत्तर हजार. आणि शूशनमधला दुसरा दिवस खुद्द एस्तेर मागून घेते. ही वीरकथा लहान मुलांना दाखवायची म्हणून तेवढं गाळायचं, हे पटत नाही.

अनामिका_ठाणे

@ऐतिहासिक_चष्मा, हेच म्हणते. वश्तीलाही गाळा, नववा अध्यायही गाळा, मधली गोड राणी ठेवा.

रेवदंडा_ते_अश्दोद

नमस्कार मंडळी. मी इस्राएलमध्ये अश्दोदला असतो, मूळ रेवदंड्याचा, बेने इस्राएल, म्हणजे कोकणातला यहुदी. धागा बायकोने दाखवला म्हणून बऱ्याच दिवसांनी लॉगिन केलं.

नववा अध्याय आम्ही गाळत नाही. पुरीमच्या, म्हणजे एस्तेरच्या ह्या कथेच्या सणाच्या, रात्री आणि दुसऱ्या सकाळी सगळं पुस्तक गुंडाळीवरून मोठ्याने वाचतात. हामानच्या दहा मुलांची नावं वाचणारा एका दमात म्हणतो, असा रिवाज आहे. हामान नाव आलं की पोरं खुळखुळे वाजवतात, पाय आपटतात. रेवदंड्याला खुळखुळे कुठले, आम्ही ताटल्या बडवायचो. कोकणातल्या आमच्या जुन्या माणसांच्या बोलण्यात ह्या सणाला होळीचा सण म्हणायचे, दोन्ही एकाच सुमारास येतात. आमच्या घरी पुरणपोळी व्हायची.

पण मुद्दा आहे नाटकाचा. तुम्ही तीनशे फुटांचा मंच आणि उंट म्हणताय. आमच्यात बायबलच्या कथांची मराठी कीर्तनं होती. साधारण १८८० पासून मुंबईत ती सुरू झाली. आपल्या हरिदासी कीर्तनाचाच घाट, पेटी, झांज, आख्यान, पदं, साक्या, दिंड्या, फक्त आख्यान अब्राहामाचं, योसेफाचं, मोशेचं. विषय हिब्रू, भाषा मराठी.

माझ्या आईचे काका अशी कीर्तनं करायचे. योसेफाचं आख्यान मी लहानपणी अलिबागकडच्या एका अंगणात ऐकलंय. भाऊ योसेफाला विहिरीत टाकतात तो प्रसंग. काकांच्या खांद्यावर उपरणं. त्यांनी ते काढलं, हातात चुरगाळलं, आणि एक शब्द न बोलता समोरच्या पायरीखाली सोडून दिलं. पेटीवाला थांबला. मग काका बापाच्या आवाजात विचारायला लागले, “अरे, माझ्या लेकाचा अंगरखा कुठाय?” पुढच्या बायका पदराने डोळे पुसायला लागल्या. विहीर नव्हती, वाळवंट नव्हतं, उंट तर नव्हताच.

तेव्हा रंगमंच टीव्हीत मावत नाही याचं मला फार वाईट वाटत नाही. एवढा रंगमंच लागलाच कशाला, असं वाटतं.

विंगेतून

दंडवत. उपरण्याचा प्रसंग चोरणार आहे, आधीच सांगतो.

सुपारी_फुटली

उंटाची बाजू घ्यायला इथे कुणी नाही, म्हणून मी घेतो. ‘जाणता राजा’ला आपण हत्ती-घोडे बघायलाच गेलो होतो की. शाळेने नेलं होतं. मला एकही संवाद आठवत नाही, पण घोडा दौडत आला तेव्हा माती उडून माझ्या सँडविचवर पडली ती आठवते. भव्यतेला नावं ठेवायची फॅशन आहे. दहा वर्षांच्या पोराला विचारा, उपरणं हवं की घोडा.

लँकेस्टरकर

+१ सुपारी_फुटली. आणि ह्या लोकांची भव्यता नुसती पैशातून आलेली नाही. १९७६ मध्ये एका नवराबायकोने सुरू केलेला उद्योग. १९९७ मध्ये थिएटर जळून गेलं. पुढच्याच वर्षी शेजारी आताचं थिएटर उभं केलं. इथले जुने लोक अजून ती आग सांगतात.

आणि खरं सांगायचं तर प्रचार आहेच. ही मंडळी ख्रिस्ती श्रद्धेचा प्रसार हे आपलं काम उघड सांगतात, लपवत नाहीत. वसईवाली_मोनू यांनी म्हटलं ते गाण्यांतलं ‘देव तुला निवडतोय’ त्याचाच भाग. पण तसं बघितलं तर कीर्तनही प्रबोधनच.

रेवदंडा_ते_अश्दोद

@लँकेस्टरकर, बरोबर. काकाही शेवटी उपदेश करायचेच. पण ते आमच्याच माणसांना, आमच्याच गोष्टीतून. एस्तेर आमची, आणि ती दुसऱ्याच्या मंचावर तिसऱ्याच धर्माचं गाणं म्हणताना बघून थोडं चमत्कारिक वाटतं. राग नाही, चमत्कारिक. मुलींना मात्र आवडलं. धाकटी ह्या पुरीमला वश्ती झाली होती, एस्तेर वर्गात आधीच डझनभर होत्या म्हणून.

अनामिका_ठाणे

धाकटीला माझ्याकडून शाबासकी!!!

वसईवाली_मोनू

@रेवदंडा_ते_अश्दोद, तुमचं चमत्कारिक वाटणं समजतं. जर्मनीतल्या ओबरआमरगाउ गावच्या येशूच्या नाटकाबद्दलही यहुदी लोकांनी वर्षानुवर्षं आक्षेप घेतले, त्यात यहुद्यांना खलनायक केलंय म्हणून, आणि अलीकडच्या प्रयोगांत संहितेत बरेच बदल झाले. सोळाशे चौतीसपासून चाललेलं नाटक, तेही बदललं. मग एस्तेर करणाऱ्यांनी एकदा एखाद्या यहुदी घरात बसून पुरीमचं वाचन ऐकायला हरकत नाही. निदान शेवट कुठे करायचा ते पुन्हा ठरवतील.

आमच्याकडेही कीर्तनाचा धागा आहेच. रेव्हरंड ना. वा. टिळक ख्रिस्ती झाल्यावर कीर्तनं करायचे. तुमच्या आईच्या काकांसारखीच पेटी आणि झांज.

बाल्कनी_रांग_ड

ह्यांना विचारलं. परिपत्रक वाचून म्हणाले, “अंमलबजावणीची तारीख दिलेली नाही.”

विंगेतून

मूळ प्रश्नावर परत येतो, कारण काल रात्री शेवटी मीही ते पाहिलं. तिसरी_घंटा, तुमच्या प्रवेशाला मी तीन वेळा मागे नेऊन बघितलं. कॅमेरा चेहऱ्यावर जातो हे खरं, पण प्रवेश पडतो त्याचं कारण मला संगीत वाटलं. ती निघाल्यापासून वाद्यवृंद इतका भरलेला आहे की ती वाचणार हे कानाला आधीच कळतं. प्रेक्षागृहात तो आवाज छातीवर येत असेल, घरी तो फक्त बातमी देतो. तिथे दहा सेकंद काहीच न वाजवता नुसती पावलं ऐकवली असती, तर कॅमेरा कुठेही चालला असता. रेवदंडावाल्यांचा पेटीवाला थांबला, ते ऐकूनच हे सुचलं.

आणि लँकेस्टरकरांची पंगत मात्र फर्मास. हामान उठतो ना, तेव्हा त्याचा हात आधी पेल्याकडे जातो आणि मग कळतं की प्यायचं काही कारण उरलं नाही. टीव्हीवर बघितलं म्हणूनच दिसलं.

तिसरी_घंटा

संगीताचं पटतंय अर्धं. दहा पावलं मात्र मी सोडणार नाही.

@लँकेस्टरकर, उन्हाळ्यात न्यू जर्सीला बहिणीकडे येतोय. तिथून जाऊन येण्यासारखं आहे का, आणि कुठे बसायचं?

लँकेस्टरकर

एडिसनकडून अडीच तास धरा, रूट ३० वर रहदारी असते. रविवारी प्रयोग नसतो, तो बेत करू नका. तिकीट काढताना पुढच्या रांगांचा हट्ट नको. बाजूच्या मंचावर काही घडलं की मान वळवून वळवून आखडते. मधल्या भागात मागे बसा. किंवा वाटेलगतची खुर्ची घ्या, तिथून पात्रं आणि जनावरं जातात. दर मोसमात नाटक बदलतं, आधी बघून घ्या कुठलं चालू आहे.

मांडवीचा_वारा

वाटेलगत बसणार असाल तर सँडविच नेऊ नका.

खर्जातला_सा

@रेवदंडा_ते_अश्दोद, तुमच्या काकांच्या कीर्तनाचं ध्वनिमुद्रण आहे का कुठे? पदांच्या चाली कुठल्या होत्या? साकी-दिंडीच्या पारंपरिक चाली की नाट्यसंगीताच्या? हे नोंदवून ठेवायला हवं.

रेवदंडा_ते_अश्दोद

दोन्ही. काही पदं सरळ नाटकातल्या चालींवर होती, आई लगेच ओळखायची. एक कॅसेट आहे, ठाण्याला मामेबहिणीकडे. लावायला यंत्र नाही म्हणून कपाटात पडून आहे. फीत थोडी सुटलीय म्हणते.

विंगेतून

डोंबिवलीत माझ्याकडे चालू स्थितीतला डेक आहे, संगणकाला जोडलेला. फीत सुटली असेल तर लावून बघू नका, अडकेल. चाकात पेन्सिल घालून हळूहळू घट्ट गुंडाळायला सांगा आणि मला संदेश करा. ठाण्याला मी येऊन घेऊन जातो.